डीबी शिफ्टिंगचं काम, मनीषनगर: ५ पैकी ४ स्टार

काम एक नंबर, वेळ पाळण्यात ढिले, एक स्टार तिथे कापला.

आमचा डीबी (घरभर लाईट वाटणारा मेन बॉक्स) हॉलमधल्या शू-रॅकच्या पोटात गेला होता. फर्निचरवाल्यानं (नाव घेत नाही) भिंतभर कपाट ठोकलं, डीबीसमोर प्लायचं दार, आतमध्ये छत्र्या, जुने पेपर, चपला. लाईट गेली की मोबाईलच्या उजेडात आधी चपला काढा मग एमसीबी (लोड जास्त झाला की आपोआप पडणारा स्विच) उचला. त्यात मे महिन्यात दुपारी एसी लावला की तासाभरात त्याचा एमसीबी पडायचा. आधी एकाला बोलावलं होतं, तो म्हणे मोठा एमसीबी टाकून देतो, झंझटच संपते. बरं झालं यजमानांनी नको म्हटलं.

या इलेक्ट्रिशियन लोकांनी मात्र आधी काहीच खोललं नाही, नुसता कपाटात हात घातला अन् त्यांचा हेड मिस्त्री म्हणाला, "काकू, आत भट्टी होऊन राहिली, एमसीबी काहून नाही पडणार?" मग नीट समजावलं, एमसीबीचं रेटिंग (किती करंट सोसेल ते) ३० डिग्री धरून ठरवलेलं असते, आपल्या नागपुरात मे मध्ये बाहेरच ४५, बंद कपाटात त्याच्याहून जास्त, म्हणून तो रेटिंगच्या आतच पडतो. अन् मोठा टाकला तर तो पडणार नाही, वायर जळेल. हे आधीच्यानं सांगितलंच नाही.

जुना बॉक्स उघडला तेव्हा मी पाहूनच घाबरली. ८ वेच्या (म्हणजे आठ स्विचच्या जागेच्या) डब्यात वायरी इतक्या कोंबल्या होत्या की कव्हरच्या स्क्रूखाली एक न्यूट्रल चेपून त्याचं तांबं दिसत होतं. आता पॅसेजच्या मोकळ्या भिंतीवर १२ वेचा बॉक्स आहे, दोन जागा रिकाम्या ठेवून ब्लँक प्लेट लावली, वायरींना वळायला जागा सोडली अन् प्रत्येकीला नंबर घातला. ३० मिलीअँपची आरसीसीबी (करंट गळला की लाईट तोडून शॉकपासून वाचवते ती) पण बसवली, घरात कूलर आहे तर ती पाहिजेच. जुन्या जागी वायरींचे जोड आले, ते प्लास्टरमध्ये गाडले नाहीत, जंक्शन बॉक्स ठेवला अन् त्याचं झाकण उघडेल एवढं प्लाय कापून दिलं. फर्निचरवाल्याला हे सुचलं असतं तर हा खर्चच वाचला असता.

जाता जाता खाली मीटर रूममध्ये पण डोकावले. सोसायटीच्या थ्री फेज पॅनेलसमोर दोन स्कूटर, एक मोडका कूलर अन् गणपतीच्या मंडपाचे बांबू. त्यांनी टेप लावून दाखवला, असल्या पॅनेलसमोर निदान १ मीटर मोकळी जागा नियमानंच पाहिजे. अन् पाठीमागे उघडी कनेक्शनं असली तर मागची जागा २० सेंटीमीटरहून कमी नाहीतर ७५ हून जास्त, मधलं चालत नाही, कारण तेवढ्यात माणूस शिरतो पण शॉक बसला तर मागे सरकता येत नाही. घरातल्या छोट्या डीबीला हा नियम जसाच्या तसा लागत नाही म्हणे, तरी समोर उभं राहून हात पोचला पाहिजे. सेक्रेटरी काकांनी स्कूटर हटवल्या. बांबू अजून तिथेच आहेत, आमच्याकडे कोण ऐकते!

आता तक्रारी. सकाळी दहाचं सांगून दुपारी जेवायच्या वेळेला उगवले, फोन केला की "निघालोच ताई". भिंत कटरनं कापली तेव्हा आधी सांगितलं असतं तर सोफ्यावर चादर टाकली असती, धूळ पार देवघरापर्यंत. अन् पुट्टी-पेंट त्यांच्याकडे नाही, तुमचा पेंटर तुम्ही शोधा. रेट स्वस्त नाही, सामानाचे पैसे वेगळे, पण दुकानाचं बिल हातात देतात. लाईट तीनेक तास बंद राहते, उन्हाळ्यात बोलवत असाल तर सकाळचीच वेळ घ्या अन् आदल्या रात्री एकदा फोन करून ठेवा.