'सप्तसाक्षी' पोथी: काल्पनिक जग, खरं गणित

काल्पनिक जगातल्या 'प्राचीन' पोथ्या बहुतेक वेळा नुसती सजावट असतात. काठाला वेलबुट्टी, मधे अगम्य चिन्हं आणि हिशेबाच्या नावानं शून्य. रोल-प्लेइंग खेळांसाठी (ज्यात खेळाडू गोष्टीतली पात्रं होऊन खेळतात) काढलेली 'सप्तसाक्षी' तशी नाही. तिच्यातलं गूढ गणित कागद-पेन्सिल घेऊन पडताळता येतं आणि बव्हंशी ते बरोबर येतं.

३६ सुटी आडवी पानं, वर-खाली लाकडी पाट्या, मधल्या भोकातून ओवलेली दोरी आणि गेम मास्टरसाठी (खेळ चालवणाऱ्यासाठी) उत्तरांची वेगळी घडी असा हा संच आहे.

या जगातले लोक आठाच्या पायावर मोजतात, म्हणजे आपल्या आठाला ते १० लिहितात. हे पोथीत कुठेच लिहिलेलं नाही, खेळाडूंनी ओळखायचं आहे. खूण एकच, ८ आणि ९ हे अंक कुठेही येत नाहीत. आपल्याकडे नवाला जे स्थान आहे ते इथे साताला आहे. त्यांचा साताचा पाढा बघा: १६, २५, ३४, ४३, ५२, ६१, ७०. प्रत्येक संख्येच्या अंकांची बेरीज सातच. म्हणूनच इथले पुजारी सात हा 'साक्षीदार' अंक मानतात. ही श्रद्धा गणितातून आपसूक उगवलेली आहे, वरून चिकटवलेली नाही. पोथीचा सगळ्यात सुंदर भाग हाच.

मुख्य कोडं ११ ते १४ या पानांवर आहे. प्रत्येक पानावर जादूच्या चौरसाची (ज्यात ओळी, स्तंभ आणि कर्ण यांची बेरीज सारखीच येते) एक ओळ आहे आणि पानं एकाखाली एक लावायची आहेत:

७, १४, १, १६
२, १५, १०, १३
२०, ३, १२, ५
११, ६, १७, ४

नेहमीच्या पद्धतीनं बेरीज केली तर ओळींची उत्तरं ३८, ४०, ४०, ३८ येतात. इतकी जवळ येऊन फसलेली बेरीज पाहिली की खेळाडू पाया बदलून बघतात आणि सगळीकडे ४२ येतात. आपल्या मोजणीत हे ३४. खजुराहोच्या पार्श्वनाथ मंदिरातल्या चौतीसा यंत्राचेच हे आकडे, फक्त अष्टमानात लिहिलेले. निवड उत्तम आहे, कारण कोपऱ्यातल्या २×२ घरांची बेरीजही तेवढीच भरते. नारायण पंडितांनी 'गणितकौमुदी'त (१३५६) या जातीचे (कडेची ओळ किंवा स्तंभ उचलून दुसऱ्या कडेला ठेवला तरी कर्ण जुळणारे) ४×४ चे ३८४ चौरस असल्याचं सांगितलं आहे.

पण हाच गुण कोड्याच्या मुळावर येतो. या जातीच्या चौरसात वरची ओळ उचलून तळाशी ठेवली तरी दोन्ही कर्ण जुळतात, आणि सगळा क्रम उलटा केला तरीही. चार पानं २४ प्रकारे लावता येतात आणि त्यातले ८ क्रम बरोबर ठरतात. उत्तरांच्या घडीत मात्र एकच क्रम दिलाय आणि खेळातल्या दाराच्या कुलुपाचा आकडा पहिल्या स्तंभातून वाचायचा आहे. मग बिनचूक गणित करणाऱ्या गटालाही दार उघडत नाही. उपाय सोपा आहे. 'एकाची ओळ माथ्यावर, दोनाची तिच्या पायाशी' एवढी एक ओवी गेम मास्टरनं आधीच्या पानावर लिहून ठेवावी. मग क्रम एकच उरतो.

दुसरी अडचण छपाईची. शून्यासाठी ठिपका वापरलाय. बख्शाली या जुन्या गणिती हस्तलिखितातही शून्य ठिपक्यानंच दाखवलंय, तेव्हा कल्पना चांगलीच. पण कागदावर भूर्जपत्राचा भास देणारे तपकिरी डाग छापलेत, त्यांत ठिपका हरवतो. तिसऱ्या ओळीतले २० कुणी २ वाचले की बेरीज ४२ ऐवजी २४ येते, आणि 'आकडे उलटे वाचायचे असतील' असा समज होऊन गट भलतीकडेच भरकटतो. खेळाआधी हे ठिपके काळ्या पेनानं ठसठशीत करून घ्यावेत.

अक्षरांक असलेली पानं २० ते २६ ही कटपयादीवर (अक्षरांतून अंक लिहिण्याची जुनी भारतीय पद्धत) बेतलेली आहेत. अक्षरांचे अंक घ्यायचे आणि उजवीकडून वाचायचे. 'कमल' म्हणजे क १, म ५, ल ३. उलटून ३५१, आपल्या मोजणीत २३३. इथवर ठीक. पण २४व्या पानावर 'विजय' आलाय आणि ज म्हणजे ८. ज्या जगात ८ हा अंकच नाही तिथे हा शब्द बसत नाही. ज, झ, द, ध, ह ही अक्षरं टाळायला हवी होती. तिथे 'कमल' किंवा 'नगर' (२३०) घालून घडीतलं उत्तर बदलावं.

शेवटची दहा पानं नुसत्या मंडलांच्या आकृत्यांची आहेत. दिसायला छान, पण सोडवायला काहीच नाही. दोरीचं भोक मजकुराला फार चिकटून आहे. पानं सारखी काढ-घाल केली की तिथलं अक्षर फाटतं. पहिल्या दिवशीच भोकाभोवती मागून पारदर्शक चिकटपट्टीचा तुकडा लावून घ्या, आणि ११ ते १४ ही पानं दोरीत ओवूच नका.