‘इन रेनबोज’: एमपी3 की फ्लॅक?

10 ऑक्टोबर 2007 ला रेडिओहेड या ब्रिटिश रॉक बँडने हा अल्बम स्वतःच्या संकेतस्थळावर ‘द्याल ती किंमत’ म्हणून दिला, तोही 160 केबीपीएस (सेकंदाला किलोबिट) एमपी3 मध्ये, म्हणजे आवाजाचा काही तपशील गाळून लहान केलेल्या फाइलमध्ये. सीडीवर हाच आकडा 1,411 असतो. फ्लॅक या प्रकारची फाइल सीडीपेक्षा कमी जागा घेते, पण एकही बिट गळत नाही.

फरक कुठे कळतो? यातलं ‘रेकनर’ हे गाणं लावा. त्या एमपी3 मध्ये झांजांची किणकिण पाण्यातून आल्यासारखी वाटते. फ्लॅकमध्ये प्रत्येक आघात सुटा ऐकू येतो, मागची आस हळूहळू विरते. माझ्या मते हा अल्बम फ्लॅकमध्येच ऐकावा, तोही वायरवाल्या हेडफोनवर, कारण ब्लूटूथवर आवाजाचा डेटा बहुतेकदा पुन्हा गाळून लहान केला जातो. बसच्या गोंगाटात मात्र एमपी3 पुरे. आणि मास्टरिंगच (ध्वनिमुद्रणावरचा शेवटचा हात) कर्कश असेल, तर तो दोष फ्लॅकमध्येही तसाच राहतो.