नांदीपासून राष्ट्रगीतापर्यंत : नाशिकमधील एका ध्वनिव्यवस्थेविषयी

रविवार कारंजाकडून गंगेकडे उतरताना लागणाऱ्या एका साउंडवाल्यांकडून आमच्या हौशी नाट्यसंस्थेने ५ नोव्हेंबरच्या, म्हणजे मराठी रंगभूमी दिनाच्या, कार्यक्रमासाठी माइक, मिक्सर आणि ऑपरेटर अशी सगळी व्यवस्था भाड्याने घेतली होती. नांदी, राज्यगीत, एक एकांकिका आणि शेवटी राष्ट्रगीत असा क्रम ठरला होता. एकांकिकेचे पार्श्वसंगीत बहुतेक ऑपरेटर नीट देतात. खरा कस उरलेल्या तीन गोष्टींत लागतो, कारण त्या वेळी प्रेक्षक नाटक पाहायला बसलेला नसतो, तर आपण कोणत्या मातीतले आहोत हे सगळ्यांबरोबर म्हणत असतो, आणि तेथे आवाज अडखळला तर ते त्याला फार लागते.

शासनाने २०२३ मध्ये राज्यगीत म्हणून स्वीकारली ती राजा बढे यांच्या गीताची दोन कडवी, सुमारे १ मिनिट ४१ सेकंदांची. पुष्कळ ठिकाणी शाहीर साबळे यांनी गायलेले मूळ गाणे लावतात आणि लोक उभे असताना मध्येच आवाज उतरवून ते बंद करतात, हा प्रकार मला नेहमीच अशोभनीय वाटत आला आहे. या मंडळींकडे राज्यगीताची नेमकी फीत होती, तसेच राष्ट्रगीताची ५२ सेकंदांचीही.

नांदीची फीत वाजवण्यास मात्र त्यांनी चक्क नकार दिला. गाणारे समोर उभे असतील तरच ती नांदी, असे त्यांचे म्हणणे, आणि ते मला पूर्ण पटले. अण्णासाहेब किर्लोस्करांच्या १८८० सालच्या ‘संगीत शाकुंतल’मधील नांदी आज किर्लोस्कर मंडळी आणि गंधर्व मंडळी दोन्ही नसतानाही कोणत्याही गावचा हौशी संघ आपली म्हणून गातो, त्यामुळे मराठी रंगभूमीचे राष्ट्रगीत कोणते असे कोणी विचारल्यास मी तिचेच नाव घेईन. (ही अतिशयोक्ती वाटत असेल, तर चेक राष्ट्रगीत हे १८३४ साली प्रागमध्ये झालेल्या एका नाटकातले पद आहे, हे ध्यानात घ्यावे.)

प्रत्यक्षात तबल्याचा माइक इतका चढा ठेवला होता की नांदीच्या पहिल्या ओळी त्याखाली दबल्या, आणि शिरवाडकर-कानेटकरांच्या या गावातील प्रेक्षकांनी ते लगेच ओळखले. एकांकिकेत फूट माइकची घरघरही अधूनमधून ऐकू येत होती. राष्ट्रगीत मात्र शेवटचा संवाद संपून पडदा पुन्हा उघडल्यावर, कलाकार रांगेत स्थिर उभे राहिल्यावरच सुरू झाले. कोणी खुणावले नव्हते.

भाडे इतरांपेक्षा थोडे जास्त आहे. राज्य नाट्यस्पर्धेच्या दिवसांत आणि २६ जानेवारीच्या सुमारास मुख्य ऑपरेटरऐवजी साहाय्यक येतो, तेव्हा आगाऊ रक्कम देतानाच कोण येणार हे लिहून घ्यावे आणि गायकांसह माइकची चाचणी दुपारीच मागावी.