आमच्या गावातल्या पतसंस्थेचा बारा वर्षांचा अनुभव (५ पैकी २ स्टार)

दोनच स्टार देताना जिवावर येतंय, कारण बारा वर्षं माझं खातं इथे आहे आणि दुकानाचं शटर, पोराची फी, सासूबाईंचं मोतीबिंदूचं ऑपरेशन, सगळं इथल्या पिग्मीवर (एजंट रोज येऊन थोडे थोडे पैसे नेतो ती बचत) झालंय. स्टाफ नावाने ओळखतो, पासबुक विसरलं तरी अडवत नाहीत. त्याच भरवशावर दोन लाखांची एफडी पण इथेच टाकली, व्याजही बँकेपेक्षा जास्त होतं.

जूनमध्ये मुदत संपली, मुलीच्या ॲडमिशनला पैसे हवे होते. मॅनेजर म्हणाले ताई सोमवारी या. मग पुढच्या सोमवारी. मग म्हणे रिन्यू करा ना, अर्धा टक्का वाढवून देतो. शेवटी तीन तुकड्यांत मिळाले, शेवटचे पन्नास हजार ऑगस्टमध्ये.

तेव्हा पहिल्यांदा वार्षिक अहवाल नीट वाचला, एरवी घरी आला की कपाटात जायचा. ऑडिट वर्ग, म्हणजे हिशेब तपासणीत संस्थेला मिळणारा दर्जा, आधी अ होता तो आता घसरून क झालाय आणि थकबाकी केवढी वाढलीये. आणि आम्ही सगळे हिला बँक म्हणतो पण ही बँक नाहीच! ठेवीला ५ लाखांपर्यंतचा विमा फेब्रुवारी २०२० पासून आहे तो बँकांना, अगदी नागरी सहकारी बँकांनाही, पण पतसंस्थेला नाही. पतसंस्थेवर सहकार खात्याची देखरेख असते, रिझर्व्ह बँकेची नाही. बारा वर्षांत हे मला कोणी सांगितलं नाही आणि मीही कधी विचारलं नाही.

पिग्मीवाल्या काकांबद्दल मात्र वेगळं लिहायलाच हवं. मला वाटायचं कमिशनसाठी गोड बोलतात. पण तिन्ही सोमवारी ते स्वतःची वसुली सोडून माझ्याबरोबर मॅनेजरच्या केबिनबाहेरच्या बाकावर बसले, मशीन मांडीवर ठेवून. आत गेल्यावर एकच म्हणाले, साहेब, ताईंनी माझ्या शब्दावर पैसे ठेवलेत. संस्थेवरचा विश्वास उडाला पण या माणसावरचा दुप्पट झाला.

पिग्मी बंद केलीये. आरडी मार्चपर्यंत आहे, आत्ता मोडली तर व्याज कापतील म्हणून राहू दिलीये. या महिन्यात वार्षिक सभा आहे, थकबाकीदारांत संचालकांचे नातेवाईक किती ते मी उभं राहून विचारणार आहे. सभासद असाल तर या, आणि नाश्ता करून लगेच घरी जाऊ नका, प्रश्नोत्तरांपर्यंत थांबा.