मागावरचा रेडिओ की कानातला मोबाइल?

सोलापूरच्या पूर्व भागातल्या यंत्रमागाच्या कारखान्यात एकेकाळी एकच ट्रान्झिस्टर खिळ्याला टांगलेला असायचा. मागाचा खडखडाट एवढा, की आवाज पूर्ण चढवला तरी निम्मं निसटायचं. तरी क्रिकेटचं समालोचन सगळ्यांचं एकच. विकेट पडली की चार माग ओलांडून बातमी जायची. स्टेशन कोणतं लावायचं यावरून भांडण, अर्थातच. आणि या चैनीसाठी १९८०च्या दशकापर्यंत पोस्टात वर्षाची लायसन्स फी भरावी लागे!

२०१६ नंतर डेटा स्वस्त झाला आणि खिळा रिकामा झाला. आता प्रत्येकाच्या कानात आपापलं. इथल्या अनेक घरांत तेलुगू किंवा कन्नड बोलली जाते. मोबाइलवर ती गाणी हवी तेव्हा मिळतात, कुणाची परवानगी नको. हा फायदा मी मोठा मानतो. पण शेजारचा काय ऐकतोय, ते कळत नाही. शिवाय रेडिओ चालू असतानाही डोळे सुतावर राहायचे. मोबाइल नजरच मागतो, आणि ताण्याचा म्हणजे उभा धागा तुटलेला उशिरा दिसला तर कापडात दोष राहतोच.

कामाच्या वेळी मला रेडिओच बरा वाटतो. सुट्टीत, चहाच्या टपरीवर, मोबाइल.