मॉरिशसची साउथ टूर चार वेळा केल्यावर: दरीला १५ मिनिटं, दुकानाला ४७

ऑक्टोबरमध्ये पहिल्यांदा ही सहल केली तेव्हा मी सगळ्यांना "डोळे मिटून बुक करा" असं सांगत सुटले होते. ते मत मी आज मागे घेते आहे. ऑफिसच्या कामासाठी आठ महिने मॉरिशसला होते. पाहुणे येत गेले आणि मी त्यांना त्याच दिवसभराच्या सहलीला नेत गेले. ऑक्टोबरात ऑफिसमधल्या मंडळींबरोबर, डिसेंबरात मैत्रिणीबरोबर, फेब्रुवारीत आई-बाबांबरोबर आणि मे महिन्यात मावशीबरोबर. पहिल्या तिन्ही वेळा एकाच कंपनीची शेअर मिनीबस घेतली, चौथ्या वेळी खाजगी गाडी. सहलीत काय काय असतं ते कुठल्याही जाहिरातीत सापडेल: क्यूरपिपचं ज्वालामुखीचं विवर, गंगा तलाव, अलेक्झांड्रा धबधबा, ब्लॅक रिव्हरची दरी, शामारेलची सात रंगांची माती आणि शेवटी ल मॉर्नचा डोंगर. मला लिहायचं आहे ते जाहिरातीत नसलेल्या सातव्या थांब्याबद्दल.

तो थांबा दुकानाचा. लाकडी जहाजांच्या प्रतिकृती, स्वेटर, दागिने. माल वाईट नाही, एका माणसाने खाली मान घालून जहाजाच्या दोऱ्या ओवलेल्या मी पाहिल्यात आणि ते काम खरंच बारीक आहे. पण मी दुकान बघायला पैसे भरलेले नव्हते. पहिल्या वेळी मला ते खटकलंही नाही, सगळंच नवं होतं. दुसऱ्या वेळी मैत्रीण म्हणाली, "अगं, आपण दरीपेक्षा जास्त वेळ इथे होतो." तेव्हा मी फोनमधल्या फोटोंच्या वेळा काढून हिशोब मांडला.

७:५० ला पिकअप. बाकीच्या हॉटेलांतून माणसं गोळा करत ८:५५ झाले. विवरावर २० मिनिटं. दुकानात ९:४० ते १०:२७, म्हणजे ४७ मिनिटं. गंगा तलाव ३५, अलेक्झांड्रा धबधबा १५, दरी १५, शामारेलचा धबधबा आणि माती मिळून ५५, ल मॉर्नपाशी रस्त्याच्या कडेला १०. जेवणाला एक तास पाच मिनिटं. संध्याकाळी ४:५० ला परत. नऊ तासांच्या सहलीत बघण्याचा वेळ अडीच तास, आणि त्याच दिवसात दुकानाला पाऊण तासाहून जास्त. पैशाचा हिशोब मी असाच करते: ज्यासाठी पैसे दिले ते किती मिनिटं मिळालं?

तरीही मी तिसऱ्यांदा तीच बस घेतली, कारण तिघांसाठी वेगळी गाडी महाग वाटली. बुक करताना व्हॉट्सॲपवर स्पष्ट लिहिलं, "सोबत वयस्कर आई-वडील आहेत, दुकानात थांबा नको." उत्तर आलं, "नो प्रॉब्लेम मॅडम." आणि बरोबर पावणेदहाला बस त्याच दुकानाच्या दारात उभी राहिली. मी मेसेज दाखवला. गाइड म्हणाला, बाकीच्या प्रवाशांना बघायचं आहे. बाकीच्यांपैकी कुणी तसं म्हटलेलं मी तरी ऐकलं नव्हतं. मी उतरले नाही. इंजिन बंद, एसी बंद, फेब्रुवारीचा दमट उकाडा. दहा मिनिटांत आईचा चेहरा लाल झाला म्हणून शेवटी उतरावंच लागलं. बाबांना भिडस्तपणामुळे रिकाम्या हाताने बाहेर येववेना, त्यांनी एक टेबलक्लॉथ घेतला.

याचं नुकसान नीट समजायला बेटाचा आकार डोळ्यांसमोर आणायला हवा. मॉरिशसचा मधला भाग म्हणजे उंच पठार. क्यूरपिपचं विवर समुद्रसपाटीपासून सुमारे ६०० मीटरवर आहे, गंगा तलावही साडेपाचशेच्या आसपास. आग्नेयेकडून येणारे व्यापारी वारे समुद्रावरचं बाष्प घेऊन या पठारावर चढतात, वर गार होतात आणि ढग धरतात. म्हणून किनाऱ्यावर लख्ख ऊन असताना क्यूरपिपला छत्री उघडावी लागते. माझ्या आठ महिन्यांच्या अनुभवात सकाळी लवकर वर मोकळं आकाश मिळायचं आणि अकरानंतर दरीचा भरवसा उरायचा नाही. दुकान हा थांबा नेमका त्या मोकळ्या वेळेच्या मधोमध बसवलाय. आम्ही दरीवर पोचलो बाराला. समोर पांढरं. कठड्याच्या पलीकडे हात लांब केला तर बोटं दिसत होती, बाकी काही नाही. आई पाच मिनिटं उभी राहिली आणि म्हणाली, "असू दे, वारा छान आहे." गुडघे दुखत असताना ती त्या पायऱ्या चढून आली होती. मला फार वाईट वाटलं, आजही वाटतं.

तक्रार केली तर उत्तर आलं की हवामान कंपनीच्या हातात नाही. बरोबर आहे, पण घड्याळ तर हातात होतं. मी मेसेजचा स्क्रीनशॉट आणि फोटोंच्या वेळा पाठवल्या, वर एकच प्रश्न विचारला: दुकान वगळलं असतं तर आपण दरीवर किती वाजता असतो? त्याचं उत्तर शेवटपर्यंत आलं नाही. अकरा दिवस मागे लागल्यावर पुढच्या सहलीवर सवलतीचं कूपन मिळालं. परतावा नाही.

फेब्रुवारीत जाणाऱ्यांसाठी आणखी एक गोष्ट. महाशिवरात्रीच्या आधीचे दिवस असतील तर गंगा तलावाचा रस्ता भाविकांनी भरलेला असतो. बेटभरातून माणसं सजवलेल्या कावडी घेऊन चालत येतात, काहींना दोन-तीन दिवस लागतात. आमची बस तिथे रखडली, पण त्या वेळेबद्दल माझी तक्रार नाही. पांढऱ्या कपड्यांतली मुलं-बाया, रस्त्याकडेला फुकट पाणी आणि खाणं देणारी मंडळी, हे बघून बाबा पहिल्यांदा त्या दिवशी खुलले. गंगा तलावाबद्दलचं माझं मतही इथे बदललं. ऑक्टोबरात मी फक्त ३३ मीटरच्या मंगल महादेवाच्या मूर्तीचे फोटो काढून कंटाळले होते आणि ३५ मिनिटं जास्त आहेत असं म्हणाले होते. खरी जागा मूर्तीपाशी नाही, खाली तळ्याच्या काठावर आहे. विवरात साठलेलं पाणी, काठाने देवळं, पायरीशी येणारे मासे. १९७२ मध्ये गोमुखाहून आणलेलं गंगाजल यात मिसळलं, तेव्हापासूनचं हे नाव. आता मी म्हणेन, ३५ मिनिटं कमी आहेत. पायात मोजे ठेवा, फरशी एक तर ओली असते नाही तर तापलेली. आणि प्रसादाची केळी पिशवीबाहेर काढू नका, माकडं हातातून नेतात.

मेमध्ये मावशी आली तेव्हा मी कूपन बाजूला ठेवलं आणि एका सहकाऱ्याने सुचवलेल्या ड्रायव्हर-गाइडला फोन केला. साठीचे गृहस्थ. मी सवयीने दुकानाबद्दल विचारायच्या आत तेच म्हणाले, "दुकान नाही. आणि सव्वासातला निघायचं, नाहीतर दरी मिळणार नाही." क्रमही त्यांनी फिरवला: आधी वाकोआ शहरामार्गे थेट दरी, मग अलेक्झांड्रा, शामारेल, ल मॉर्न, आणि जेवण झाल्यावर परत वर गंगा तलाव, कारण देवळं ढगातही दिसतात. क्यूरपिपचं विवर सगळ्यात शेवटी, मिळालं तर मिळालं.

आठ वाजून पाच मिनिटांनी आम्ही कठड्यापाशी होतो. दरी पूर्ण उघडी. हिरवे उतार, दूरवर एक धबधबा आणि पार शेवटी समुद्राची पट्टी. खाली, आमच्या पायांच्याही खाली, लांब शेपटीचा पांढरा पक्षी तरंगत होता, एअर मॉरिशसच्या विमानाच्या शेपटीवर असतो तोच. गाइडकाका सांगत होते की १९७४ मध्ये इथला ससाणा जंगलात फक्त ४ उरला होता, आणि अंड्यांपासून पिल्लं वाढवून पुन्हा सोडत सोडत ती जात वाचवली. गुलाबी कबुतराचंही तसंच. हे जंगल १९९४ मध्ये राष्ट्रीय उद्यान झालं. हे सगळं आधीच्या तीन सहलींत एकानेही सांगितलं नव्हतं, तिन्ही वेळा फक्त "फिफ्टीन मिनिट्स, वॉशरूम देअर." रस्त्याकडेला छोटे लाल पेरू तिखटमीठ लावून विकत होते. काका म्हणाले, खा, भरपूर खा, हे झाड बाहेरून आलंय आणि इथलं मूळ जंगल गिळतंय. मावशीने दोन पिशव्या घेतल्या.

तिथूनच मी आईला व्हिडिओ कॉल लावला. तिकडे पावणेदहा वाजले होते, तिची पूजा नुकतीच झाली होती. फोन फिरवून दरी दाखवली. ती बराच वेळ बघत होती. मग म्हणाली, "म्हणजे आपण इथेच उभे होतो?"

शामारेलही साडेनऊला निराळंच दिसलं. बसने नेहमी दुपारी दोनला नेलं, तेव्हा ऊन डोक्यावरून येतं आणि माती नुसती तांबूस-तपकिरी वाटते. तिरप्या उन्हात जांभळा आणि करडा वेगळा ओळखता आला. लाव्हाचा खडक झिजून माती झाली, विरघळणारं सगळं पावसाने वाहून नेलं, लोह आणि ॲल्युमिनियमची ऑक्साइडं मागे उरली. लोहाने लाल छटा येतात, ॲल्युमिनियमने निळसर-जांभळ्या. सात रंग मोजायला बसू नका, मला पाचच्या पुढे कधी जमले नाहीत. आणि पायाखाली घ्यायला जाऊ नका, कुंपण त्यासाठीच आहे.

ल मॉर्नचे दहा मिनिटांचे अर्धा तास झाले आणि या चार सहलींत मला सगळ्यात जास्त तोच अर्धा तास आठवतो. ५५६ मीटरचा सरळ उभा कडा. मळ्यांतून पळालेले गुलाम वर लपून राहत. १ फेब्रुवारी १८३५ ला इथली गुलामगिरी संपली. लोककथा अशी की ही बातमी द्यायला शिपाई वर चढले, वरच्यांना वाटलं पकडायला आले, आणि त्यांनी कड्यावरून उड्या टाकल्या. २००८ मध्ये युनेस्कोने या डोंगराला जागतिक वारसा म्हटलं. ज्या जागेची ही गोष्ट आहे तिथे बसमधून न उतरता काचेतून फोटो काढा म्हणणं मला चुकीचं वाटतं.

काकांना दुकानाबद्दल विचारलं. तेही पूर्वी अशीच मिनीबस चालवायचे. म्हणाले, रोजचा पगार थोडा असतो, दुकानाचं कमिशन आलं की महिना भागतो, ड्रायव्हरला दोष देऊ नका. हे ऐकल्यावर फेब्रुवारीतल्या त्या गाइडशी मी ज्या आवाजात बोलले त्याचं मला वाईट वाटलं. कंपनीवरचा राग मात्र तसाच आहे. तिकीट स्वस्त दाखवायचं आणि उरलेली किंमत माझ्या सकाळच्या वेळेतून वसूल करायची, हे मान्य नाही. आधी सांगा, मी जास्त पैसे देईन.

गप्पांत कळलं की काकांनी शाळेत मराठी विषय घेतला होता. पूर्वज कोकणातले, ऊसमळ्यात मजुरीला आलेले. मावशीशी ते अडखळत पण खरंखुरं मराठी बोलले, गणपती घरी किती दिवस असतो ते सांगितलं (इथे गणेश चतुर्थीला सरकारी सुट्टी असते), आणि आमची सहल वेळेपेक्षा पाऊण तास जास्त चालली तरी वरचे पैसे घेतले नाहीत.

विवर शेवटी ढगातच गेलं, काठावरून झाडांचे फक्त शेंडे दिसले. चालेल. दोघांत गाडीचा खर्च शेअर बसपेक्षा नक्कीच जास्त पडतो, चौघे असाल तर फरक थोडा उरतो. बसच घ्यायची असेल तर "दुकानाचा थांबा नाही" एवढ्यावर थांबू नका. दरीवर किती वाजता पोचणार ती वेळ लेखी मागा. दहाच्या पुढची वेळ सांगितली तर दुसरी कंपनी बघा. माझं कूपन मे अखेरीस संपलं, मी ते वापरलं नाही.