माडाची फेणी: काउंटरवरची आणि सीलबंद

गोव्यात नुसतं ‘फेणी द्या’ म्हटलं की काजूचीच ओतली जाते. माडाची हवी असेल तर तसं सांगावं लागतं, आणि बऱ्याच ठिकाणी ‘ना रे’ असं उत्तर मिळतं. किनाऱ्यावरच्या दुकानांत काजूच्या बाटलीवर पोर्तुगीज गलबताचं चित्र असतं. ते गलबत खरं तर माडाच्या फेणीवर हवं. सोळाव्या-सतराव्या शतकात गोव्यात उतरलेल्या शिपायाने ताव्हेर्नच्या (गावच्या दारूच्या गुत्त्याच्या) बाकावर बसून जे ढोसलं, ते माडाचं होतं.

याची साक्ष गोव्यातच छापलेली आहे. वैद्य गार्सिया द ऑर्ता याने १५६३ साली गोव्यात छापलेल्या ग्रंथात माडाच्या सुरेचं (माडीचं) गाळप नोंदलं आहे. पहिल्या, कडक मालाला ‘फुला’ म्हणत आणि तो पेटवला तर पेटे. मागून येणारा नरम माल म्हणजे ‘ओराका’, त्यात थोडी फुला मिसळून विकत. धार तोडायची आणि मग मिसळून कडकपणा जुळवायचा, हे भाटीवरचं (दारू गाळायच्या भट्टीवरचं) काम आजही तेच आहे. या ग्रंथात काजूचा पत्ता नाही. ब्राझीलहून आलेल्या त्या झाडाचं वर्णन क्रिस्तोव्हांव द आकोश्ता १५७८ साली करतो, तेही कोचीनच्या बागांतलं. भाटी लावण्याएवढी बोंडं डोंगरउतारांवर पिकायला त्यानंतर बराच काळ गेला असणार.

शिपायाने माडाचीच का घ्यावी, याचं कारण सरळ आहे. लिस्बनची द्राक्षवाईन आफ्रिकेला वळसा घालून सहा-सहा महिने उन्हात हिंदकळत येई. बरीच आंबून जाई, उरलेली महाग. मिस्साला (चर्चमधल्या प्रार्थनाविधीला) मात्र द्राक्षाचीच लागते, म्हणून ती आणावीच लागे. पावसाळ्यात आरमार बंदरात अडकलं की शिपाई बेकार, पगार थकलेला, जेवणापुरता कुणा फिदाल्गोच्या (पोर्तुगीज उमरावाच्या) दारी. अशाला दारातला माडच परवडणार. १५८३ ते १५८८ गोव्यात राहिलेला डच माणूस लिन्सखोटन सांगतो की माडाच्या दारूत मनुके घालून तिला वाईनसारखा रंग आणि गोडी आणत. घरच्या वाईनची तहान अशी भागवली जाई. पुढे इंग्रजांच्या ‘पंच’ या मिश्र पेयाच्या भांड्यातही गोव्याचीच अर्क (गाळलेली दारू) पडू लागली. १६८९ साली सुरतेला आलेला पाद्री ओव्हिंग्टन बंगालची अर्क गोव्याच्या अर्केपेक्षा पुष्कळ कडक असल्याचं लिहितो. माडाच्या फेणीचा नरमपणा हा काही आजचा दोष नव्हे.

आता माल. रेंदेर (सूर काढणारा) दिवसातून तीनदा माडावर चढतो. सकाळ-संध्याकाळ सूर उतरवायला, दुपारी पोयीचं (माडाच्या न उमललेल्या फुलोऱ्याचं) तोंड कातीने पातळ छिलायला. छिलणं चुकलं तर पोय सुकते आणि धार थांबते. पोयीला बांधलेल्या दामोण्यातच (मडक्यातच) सूर आंबू लागते, वेगळं विरजण लागत नाही. पुरती आंबली की तिच्यात साधारण पाच टक्के अल्कोहोल असतो. हिशेब मांडून पाहा: दहा लिटर सुरेत अर्धा लिटर अल्कोहोल, म्हणजे ४२.८ टक्क्यांची फेणी फार तर लिटरभर आणि वर थोडी, आणि भाटीवरची तूट धरली तर तेवढीही नाही. काजूचा हंगाम फेब्रुवारी-मार्चपासून मेपर्यंतचा, पण त्या तीन महिन्यांत रस बदाबदा येतो. माड बारमाही देतो, पण थेंबाथेंबाने, आणि प्रत्येक थेंबामागे कुणीतरी वर चढलेलं असतं. चढणारे कमी झाले तशी फेणीही कमी झाली. शिवाय त्याच सुरेवर सान्नां (तांदळाच्या वाफवलेल्या वड्या) करणारे आणि व्हिनेगर घालणारे डोळा ठेवून असतात.

ताव्हेर्नमधली, गराफांवातून (काचेच्या मोठ्या बुधल्यातून) ओतलेली माडाची फेणी चांगली निघाली तर तिला तोड नाही. वास काजूसारखा अंगावर येत नाही. आधी शहाळ्याच्या सालीसारखा ओलसर, मग ताकाकडे झुकणारा किंचित आंबट, शेवटी जिभेवर हलकी गोडी. पण ‘निघाली तर’ हे महत्त्वाचं. नाकात व्हिनेगर शिरलं तर सूर जास्त दिवस ठेवून मग गाळली आहे. करपट वास असेल तर आच मोठी झाली आणि भाणाच्या (गाळायच्या हंड्याच्या) तळाला गाळ लागला. ओल्या पुठ्ठ्यासारखी बेचव लागली तर भाटीवाल्याने लोभाने शेवटची धारही आत घेतली. आणि प्लास्टिकचा वास आला तर परत करा. कडक दारू प्लास्टिकच्या कॅनमध्ये ठेवणं हा गावागावातला आळस आहे. काच किंवा चिनी मातीची बरणी, तिसरं काही नको.

बाटली हलवून बुडबुडे बघण्याची पद्धत सगळ्यांना ठाऊक असते. टपोरे बुडबुडे काही क्षण टिकले तर माल कडक, लगेच फुटले तर पाणी जास्त. मात्र त्यावरून फक्त कडकपणा समजतो, माल निर्धोक आहे की नाही हे नाही. मिथेनॉल बुडबुड्यांत दिसत नाही, ज्योतीत ओळखता येत नाही, वासालाही सापडत नाही. त्यामुळे लेबल नसलेली बाटली रस्त्याकडेच्या टपरीवरून घेऊ नका, परवाना असलेल्या काउंटरवरूनच घ्या. मळीच्या स्पिरिटमध्ये इसेन्स घातलेला माल ओळखायचा असेल तर ग्लास रिकामा करून तसाच ठेवा. खरी फेणी असेल तर सकाळीही काचेला वास असतो. इसेन्सचा आधी भपकारा येतो आणि तासाभरात काही उरत नाही.

सीलबंद बाटली जास्त एकसारखी असते, थोडी अबोल. ताकाची छटा बऱ्याचदा गाळून गेलेली असते. पहिल्यांदा चाखणाऱ्याला मात्र हीच द्यावी. लेबलावर ‘कोकोनट’ स्पष्ट छापलेलं आणि ४२.८ टक्के लिहिलेलं आहे ना, ते वाचा. भौगोलिक निर्देशांकाचा शिक्का शोधू नका, २००९ मधली ती नोंद काजूच्या फेणीची आहे. २०१६ साली राज्याने फेणीला वारशाचं मद्य म्हटलं. रेंदेराच्या पायाखाली त्याने काही शिडी लागली नाही. सरकारी हात त्याच्यापर्यंत पोचतो तो वसुलीलाच, हेही जुनंच. १८७८ च्या इंग्रज-पोर्तुगीज कराराने ब्रिटिश धर्तीची आबकारी गोव्यावर लादली आणि १८९२ मध्ये करार संपेपर्यंत ती सूर काढणाऱ्यांच्या मानगुटीवर बसून होती.

पिण्याबद्दल: साठ मिली, बर्फाविना, छोट्या ग्लासात. आधी कोरा घोट, मग तेवढंच पाणी. पाणी घातल्यावर हलकं धुकं आलं तर घाबरू नका. दारू पातळ झाली की तिच्यातले तेलकट घटक विरघळेनासे होतात, इतकंच. लिंबाची फोड आणि मीठ चालतं, चिरलेली हिरवी मिरचीही. लिम्का काजूच्या उराकाला (पहिल्या गाळपाच्या हलक्या दारूला) शोभते, माडाच्या फेणीत ती घातली की उरते फक्त लिम्का. सोबत तळलेला बांगडा किंवा मिस्कूट (कैरीचं लोणचं).

एकच घ्यायची तर ताव्हेर्नवाल्याला भाटी कुठली ते विचारा. गावाचं नाव चटकन आलं तर काउंटरवरची घ्या, ‘आमचीच’ म्हणून विषय बदलला तर सीलबंद. घरी उभी ठेवा. बूच कॉर्कचं असेल तर आडव्या बाटलीत कडक दारू ते कुरतडते आणि चव उतरते. अर्ध्याखाली गेलेली बाटली लहान बाटलीत काठोकाठ भरून ठेवा, नाहीतर पहिल्यांदा उडून जातो तो शहाळ्याचा वास.